सुई नको म्हणणारा भोंगा

माझ्या थोरल्या भावाला सगळा रस्ता भोंगा म्हणायचा. जिन्याखालच्या खोपटात त्याचं पंक्चर काढायचं दुकान. तिथून त्याने हाक मारली की चौकातल्या न्हाव्याचा वस्तरा थबकायचा. दुकान म्हणजे तरी काय, पाठ भिंतीला टेकली की गुडघे रस्त्यावर. टांगलेले टायर, पाण्याचं घमेलं आणि त्यापुढे उकिडवा बसलेला दादा.

आधी त्याचा आवाज बसला, मग खोकला लागला. "सर्दी छातीत उतरलीय," म्हणत त्याने अख्खा हिवाळा काढला. शेवटी वहिनीने, म्हणजे त्याच्या बायकोने, दुकानाला कुलूप घातलं आणि किल्ली पदराला बांधून त्याला दवाखान्यात नेलं. मीही गेले. आधी छातीचा फोटो झाला, मग स्कॅन.

डॉक्टरीणबाई वयाने आमच्या मुलीएवढ्या. म्हणाल्या, "काका, डाव्या फुप्फुसात गाठ दिसतेय. ती कसली आहे आणि रोग कुठवर गेलाय, दोन्ही बघायला हवं. सुईने नमुना घ्यावा लागेल."

"सुई नाही," दादा घोगऱ्या आवाजात म्हणाला.

"का बरं?"

"बाई, माझा जन्म टायरातले खिळे काढण्यात गेला. हवेच्या वस्तूला टोचलं की काय होतं ते मला विचारा."

त्या हसल्या नाहीत. "तुमचं अगदीच खोटं नाही. छातीतून सुई घातली तर कधी हवा निसटते, आम्ही तीही काढतो. पण तुमच्या घशातून नळी घालून, श्वासनळीला लागून सगळ्यांनाच ज्या छोट्या गाठी असतात, त्यांतून नमुना घ्यायचाय."

"त्यापेक्षा कापूनच टाका ना. दिसलीय तर."

"दिसलीय तेवढीच आहे हे कशावरून?" त्यांनी कागदावर छातीचं चित्र काढलं. मूळ गाठ केवढी, शेजारच्या गाठींत रोग शिरला का, आणि लांब कुठे गेला का, या तिन्ही गोष्टींवरून स्टेज ठरते. फुप्फुसातच लहानशी असेल तर पहिली. फुप्फुसातच मोठी झाली किंवा त्याच बाजूच्या जवळच्या गाठींत शिरली तर दुसरी. छातीच्या मधल्या गाठींपर्यंत पोचली तर बहुधा तिसरी. हाडात, मेंदूत, दुसऱ्या फुप्फुसात गेली की चौथी. "स्टेज कळल्याशिवाय कापलं आणि आत रोग राहिला, तर तुम्ही टाकेही सोसाल आणि खरा इलाजही लांबेल."

दादा उठला. "मला विचार करू द्या."

विचार कसला, तो घरात जाऊन बसला. दुकान उघडावं तर टायर उचलताना दम लागे. घरी थांबावं तर भेटायला येणारे रांग लावून. पोर कितवीत आहे विचारावं तसं जो तो विचारी, "कितवी स्टेज?" दादा म्हणे, "अजून शाळेत नाव घातलं नाही." लोक हसत आणि जाताना वहिनीला दाराशी गाठून हळूच तेच विचारत. इकडे आड, तिकडे विहीर. खिडकीशी खुर्ची ओढून तो खालच्या कुलूपबंद दुकानाकडे बघत राही. किल्ली मागावी तर वहिनी विचारील, सुईचं काय ठरलं, म्हणून मागतही नसे.

मी समजावायला गेले की माझ्यावर डाफरे. "तुला काय, देवावर सोडून मोकळी होतेस."

"देवावर सोडलं असतं तर रोज जिना चढून आले नसते," मी म्हटलं.

एका दुपारी मी भाजी निवडत होते. वहिनी कपड्यांच्या घड्या घालत होती. मान वर न करता ती म्हणाली, "अहो, एक विचारू? ट्यूबला एक भोक सापडलं की तुम्ही लगेच ठिगळ मारता?"

दादाने खुर्ची खिडकीकडे वळवली.

"सांगा ना. की अख्खी ट्यूब पाण्यात फिरवता?"

"ट्यूब वेगळी, माणूस वेगळा."

"सुईच्या वेळी तर एकच होतं."

दादा इतका चिडला की जेवला नाही. पण गिऱ्हाइकाने घाई केली तरी ट्यूब पुरती फिरवल्याशिवाय ठिगळ लावायचं नाही, हा त्याचाच हट्ट होता. सकाळी तो शर्ट घालून दाराशी उभा. "चला, कुठे टोचायचं ते टोचा म्हणावं."

रोग लांब कुठे गेलाय का ते बघणाऱ्या मोठ्या मशीनच्या कड्यात तो घुसमटला. हातातली घंटी दाबून बाहेर आला, पाणी प्यायला आणि पुन्हा आत गेला. नळीची तपासणी झाली तेव्हा त्याला गुंगीचं औषध दिलं होतं. मग रिपोर्टची वाट बघणं आलं. त्या दिवसांत तो एकच वाक्य म्हणे, "कापलं की सुटलो." तेवढं एकच दार त्याला दिसत होतं.

रिपोर्ट आले तेव्हा डॉक्टरीणबाईंनी आम्हा तिघांना समोर बसवलं. "कॅन्सर आहे. छातीच्या मधल्या गाठींत पोचलाय. आवाजाची नसही तिथेच दबलीय. लांब कुठे गेलेला दिसत नाही. तिसरी स्टेज."

"तिसरी म्हणजे पास की नापास?"

"इलाज करण्यासारखी. पण ऑपरेशन नाही, काका. तुमच्या गाठी जिथे आहेत तिथून सगळं निघणार नाही. सलाईनमधून औषध आणि किरणं, दोन्ही बरोबर द्यायची. किरणांसाठी रोज यावं लागेल."

"बरा होईन?"

"त्यासाठीच देतोय. खात्री नाही देत."

दादाने वहिनीकडे पाहिलं. सुई टोचून घेतली, कड्यात शिरला, ते कापून मोकळं होण्यासाठी. आणि आता रोजचं येणं.

किरणांच्या खोलीचं दार तिजोरीसारखं जाड. दादाला फळीवर निजवून सगळे बाहेर आले आणि दार लागलं. बाकावर वहिनी त्याच्या चपला मांडीवर घेऊन बसली होती; खाली ठेव म्हटलं तरी ठेवीना. मी देवाचं नाव घेत होते. काय मागावं सुचेना, म्हणून नुसतंच नाव.

तो बाहेर आला. छातीवर किरणांची नेमकी जागा दाखवणाऱ्या शाईच्या खुणा होत्या, त्या पुसू द्यायच्या नव्हत्या. शर्टाची बटणं लावताना तो त्यांना जपत होता.

"दुखलं का?" वहिनीने विचारलं.

"काहीच कळलं नाही. हलायचं मात्र नाही." त्याने चपला घेतल्या, पायात सरकवल्या आणि मागे वळून त्या दाराकडे पाहिलं. तिथे पुढचा माणूस आत चालला होता.

"उद्या याच वेळेला ना?" दादाने विचारलं.

"याच वेळेला," वहिनी म्हणाली.