तातेराव पेंटरची रिकामी ओळ

अंबडला ज्या डॉक्टरांच्या पाट्या अजून हाताने रंगवलेल्या आहेत, त्या बहुतेक तातेराव पेंटरच्या. फ्लेक्स आल्यावर त्यांच्या बरोबरीच्यांनी ब्रश ठेवून दिले. तातेरावांचे काम टिकले, ते केवळ अक्षरामुळे नव्हे. नावापुढे पदवी लिहिण्याआधी ते वैद्यकीय परिषदेचा नोंदणीचा कागद मागत. वीस वर्षांपूर्वी त्यांनी एकाच्या पाटीवर चौकशी न करता 'हाडांचे तज्ज्ञ' असे लिहिले होते. तपासणी पथक आले तेव्हा तो मनुष्य पसार झाला आणि साहेबांनी पेंटरलाच बोलावून विचारले, "कागद पाहिला होता का?" त्या दिवसापासून आधी कागद, मग ब्रश.

त्यांची मुलगी भावना एम.बी.बी.एस. झाली आणि मुंबईच्या एका संस्थेतून तिने स्त्रीरोग व प्रसूतीची दोन वर्षांची पदविका घेतली. प्रवेशाच्या वेळी पदविका मान्यताप्राप्त होती. निकाल लागेपर्यंत मान्यता काढली गेली. आधी प्रवेश घेतलेल्यांचे काय, हे कोणी नीट सांगेना. अतिरिक्त पात्रतेच्या नोंदणीसाठी तिने केलेला अर्ज अकरा महिने 'प्रलंबित' होता. तातेराव दिवसातून चारदा तिच्या मोबाइलवर तो शब्द बदलला का ते पाहत, आणि जेवता जेवता उठून पुन्हा पाहत.

चौदा एप्रिलला दवाखान्याचे उद्घाटन ठरले. तातेरावांनी पाटी रंगवली: नाव, एम.बी.बी.एस., नोंदणी क्रमांक. त्याखाली एका ओळीची जागा कोरी सोडली.

उद्घाटनाला आलेला मेहुणा राजानंद पाटीपुढे थांबला. "दाजी, साऱ्या अंबडच्या डॉक्टरांचे बोर्ड भरून टाकले, अन् पोरीचाच रिकामा? का रंग संपला?"

"कागद यायचाय."

"पोरगी घरची, परीक्षा पास. अन् तुम्ही कागद मागून राह्यले! तुमच्यापेक्षा परिषद बरी म्हणायची."

लोक हसले. तातेराव हसले नाहीत. पाहुणे गेल्यावर त्यांनी स्टूल ओढले आणि कोऱ्या जागेत लाल रंगाने लिहिले, 'स्त्रीरोग व प्रसूतितज्ज्ञ'. चाळीस वर्षांत इतके सुबक अक्षर त्यांच्या हातून उतरले नसावे.

सकाळी भावना पाटीखाली उभी राहिली. "पप्पा, हे पुसा."

"खोटं हाय का?"

"खोटं नाही. पण नोंद झालेली नाही. दुसऱ्या कुणी सांगितलं असतं तर लिहिलं असतं का तुम्ही?"

त्यांनी ब्रश घेतला. ओळीवर पांढरा रंग मारला. पण पांढऱ्यातून लाल वर येतो, हे कोणत्याही पेंटरला ठाऊक असते. त्याला खालून प्रायमरचा हात द्यावा लागतो आणि तो वाळायला दिवस जातो. तातेरावांना तेवढा धीर नव्हता. तिसऱ्या दिवशी उन्हात अक्षरे गुलाबी होऊन उमटली. त्यांनी पुन्हा रंग मारला. ती पुन्हा उमटली. पत्नी प्रभावती म्हणाली, "आता तरी बसा खाली." ते बसले आणि लगेच उठले.

त्याच आठवड्यात शहागडहून चांगुणाबाई गरोदर सुनेला घेऊन आल्या. दारातच थांबून त्यांनी पाटीकडे बोट केले. "बाई, हे काय लिहून खोडलंय? तुमच्यावर धाड पडल्ती काय?"

तातेराव बाकावर होते. कोऱ्या जागेवरून कोणा रुग्णाला शंका आली नसती. खोडलेली ओळ मात्र बोगस डॉक्टरची वाटत होती.

भावना शांतपणे म्हणाली, "धाड नाही पडली. मी शिकले आहे, परीक्षा पास आहे. सरकारदरबारी नोंद व्हायची आहे, म्हणून ती ओळ लिहायला नको होती."

चांगुणाबाईंनी सुनेकडे पाहिले. "तसं असंल तर जालन्यालाच नेते. पहिलटकरीण हाय माझी. नोंद झाली की येऊ, राग मानू नका."

त्या गेल्या. भावना आत जाऊन खुर्चीत बसली. एवढ्या वेळात तिने एकदाही वडिलांकडे पाहिले नव्हते.

तातेरावांनी पाटी उतरवून अंगणात आडवी टाकली आणि पट्टीने खरवडायला घेतली. पांढरा थर निघाला, लाल निघाला, खाली उघडा पत्रा लागला. संध्याकाळपर्यंत प्रायमर मारून झाला. दुसऱ्या दिवशी खडूच्या सुतळीने त्यांनी रेघा पाडल्या, आणि या वेळी नाव व एम.बी.बी.एस. इतके मोठे आखले की खाली काहीच उरले नाही. कोणाला काही दिसायला नको.

भावनाचा मोबाइल वाजला. तिने वाचले आणि बाहेर आली. "परिषदेनं गुरुवारी मूळ कागद घेऊन बोलावलंय."

"मंग, देतील का?"

"माहीत नाही. नाहीच म्हणतील कदाचित." ती आखलेल्या रेघांकडे पाहत राहिली. "पप्पा, हे लहान करा. खाली जागा ठेवा."

"किती?"

"एका ओळीची."

त्यांनी ओल्या फडक्याने खडू पुसला आणि सुतळी नव्याने ताणली. दुसरे टोक भावनाने धरले होते.