शेगडीजवळचा भात

बहारीनमध्ये अदलिया भागात आमच्या शेजारी राहणाऱ्या वहिनी नैवेद्य दाखवल्याशिवाय भाताचं शीतही तोंडात घालायच्या नाहीत. दर वाक्याला "मी सांगते ना" असायचंच. ऐंशी सालाच्या सुमारास आम्ही दोघी बालीहून आलेल्या एका स्वयंपाकिणीकडे तिकडचे पदार्थ शिकायला जायचो. भात शिजला की ती पानावर चिमूटभर भात आणि एक फूल शेगडीजवळ ठेवायची, हात जोडायची. मगच आम्हाला चव मिळायची.

एकदा वहिनींनी ते पान उचलून सरळ कचऱ्यात टाकलं. "करणी असते ही, मी सांगते ना. खलास."

त्या बाईने दुसरं पान पुसायला घेतलं.

माझं डोकंच फिरलं. "वहिनी, नैवेद्य होता तो."

"नैवेद्य आपला असतो," म्हणाल्या, आणि चवीसाठी वाटी पुढे केली.