केतूरा उठून बाहेर जाते

आमच्या फिलाडेल्फियाच्या क्वेकर पंथाच्या सभागृहात महिन्यातून एकदा मूक प्रार्थनेनंतर कामकाजाची सभा भरते. त्याआधी सभासद नसलेल्या बाहेरच्यांनी उठायचं असतं. बाहेरचं माणूस बहुधा एकच असतं, केतूरा लोन्स. शेवटच्या बाकावरून ती उठते तेव्हा बाक करकरतो, पण तिची पावलं ऐकू येत नाहीत. या पावलांमुळेच ती बाहेरची झाली.

तिची विधवा आई आमच्या गल्लीत खोल्या भाड्यानं देई. एकदा एक म्हातारा फ्रेंच माणूस राहायला आला. भाषा शिकवणारा मास्तर समजून आईनं त्याला माडीवरची खोली दिली. तो शिकवत होता नाच. केतूरा त्याची खोली झाडायला जाई ती लवकर खाली येत नसे. धाकटी हल्दा म्हणे, "आई, ही जमीन पुसते की झिजवते?"

आईला उलगडा होईतो केतूरा नाटक कंपनीबरोबर निघून गेली होती. कोणाला सांगितलं नाही. आमच्यात रस्त्यानं शीळ घातली तरी वडीलधारे थांबून बघतात. सभेनं तिचं नाव काढून टाकलं.

वीस-बावीस वर्षं ती नाचली. न्यूयॉर्क, बॉस्टन, आगबोटीनं थेट न्यू ऑर्लिन्सपर्यंत. मुख्य नाटक आणि शेवटचं प्रहसन यांच्या मधे ती पायाच्या बोटांच्या टोकांवर उभी राही आणि गलका करणारं थिएटर गप्प होई. नाचाच्या बुटांची टोकं रोज स्वतःच्या हातानं रफू करी. अमेरिकन मुलगी असं नाचू शकेल यावर अमेरिकेचाच विश्वास नव्हता, म्हणून मालकानं तिला फ्रेंच नाव दिलं होतं.

वखारीतून परतताना मी कधीकधी तिच्या पायरीवर टेकतो. एकदा विचारलं, "एवढ्या गावांत तुझं कोणी ओळखीचं झालं नाही?"

"कसं होणार? तोंड उघडलं की फिलाडेल्फिया बाहेर पडायचं. मालकाची सक्त ताकीद होती. खाणावळीत चारचौघांत बसून मुकाट जेवायचं." मग जरा हसून म्हणाली, "आपल्या प्रार्थनेसारखंच. फक्त सूप बरं असायचं."

सेंट लुईसला रंगमंचाच्या फळ्यांत पाय अडकून घोटा मोडला. ती घरी आली तोवर आई गेली होती. हल्दानं दार उघडलं, बहिणीकडे बघितलं आणि म्हणाली, "पाय पूस, मग आत ये."

दोघी बायकांच्या बॉनेट टोप्या शिवून राहू लागल्या. वर्षानुवर्षं लोकांनी 'मादाम, आपण' म्हटलेल्या केतूराला आमचं लहानथोर सगळ्यांना सारखंच 'तू' कानाला गोड लागे. तिला एकच हवं होतं, सभेत हल्दाच्या शेजारी बसणं. शेवटच्या बाकावरून पुढे यायला काढलेल्या माणसाला आपली चूक लिहून द्यावी लागते. प्रार्थनेनंतर ती सर्वांसमोर वाचतात, तेव्हा त्यानं उभं राहायचं.

"घर न सांगता सोडलं, ते लिहिते," केतूरा म्हणाली. "आई आजारी असताना आले नाही, तेही लिहिते. नाच ही चूक नव्हती."

आमच्यातला ज्येष्ठ आमोस पासमोर म्हणाला, "मग आम्ही तुला काढलं तरी कशासाठी होतं?"

गेल्या शरदात हल्दाला खोकल्यानं धरलं. "हट्टी घोडी," ती केतूराला म्हणाली, "मी आणखी किती दिवस त्या बाकावर एकटी बसू? चार शब्द लिही."

केतूरानं लिहिलं. रविवारी ती उभी राहिली. आमोसनं वाचलं. शेवटचं वाक्य होतं, 'मी नाचले, याचा मला पश्चात्ताप होतो.' हल्दानं शेजारची शाल उचलून जागा केली.

आमोसनं कागद खाली घेतला. आमच्यात शपथ घेत नाहीत. माणसाचं हो म्हणजे हो. त्यानं विचारलं, "केतूरा, हे खरं आहे?"

तिनं हल्दाकडे बघितलं. बराच वेळ बघितलं.

"नाही," ती म्हणाली, आणि मागच्या बाकावर जाऊन बसली.

परतताना दोघी माझ्या पुढेच चालत होत्या. हल्दा धापा टाकत बोलत होती. "एक शब्द. हो. तेवढाही जमला नाही."

"खोटं बोलायचं नाही, हे आपल्याला कोणी शिकवलं?"

हल्दानं केतूराचा दंड धरला.

नाताळाच्या आधी हल्दा गेली. तिची जागा रिकामीच आहे.

केतूरा अजून प्रार्थनेला येते. कामकाजाच्या दिवशी उठून बाहेर जाते. हल्दाबरोबर घरी जाता यावं म्हणून पूर्वी ती घोडागाड्यांच्या छपराखाली थांबायची. आताही थांबते. सभा संपते, आम्ही एकेक बाहेर पडतो, आणि शेवटचा माणूस फाटक ओलांडेपर्यंत ती दाराकडे बघत उभी असते.