सुटकेच्या अर्जातलं एक वाक्य

"कसा आहेस?" असं विचारलं की "बरा आहे" म्हणून माणूस मोकळा होतो. हा गडी मात्र मान खाली घालून विचार करायचा आणि मग सांगायचा, "आज नाय बरा, गुरुजी."

औरंगाबादच्या मोठ्या तुरुंगात मी कैद्यांना लिहायला-वाचायला शिकवत असे. हा जन्मठेपेचा कैदी, वैजापूरकडचा धनगर. बांधाच्या भांडणात त्यानं चुलतभावाचा जीव घेतला होता. एकदा पाहुण्या साहेबांनी त्याला विचारलं, "शाळा आवडते ना?" हा म्हणाला, "शाळा आवडती. गुरुजी लई वरडत्यात." साहेब हसले. मी आठवडाभर त्याच्याशी बोललो नाही. तुम्ही तरी बोलला असता का?

या खरेपणाचं मूळ मला पुढे कळलं. खुनानंतर देवळापुढे, गावादेखत, त्यानं हातात देवाचा भंडारा, म्हणजे हळद, घेऊन शपथ वाहिली होती, की म्या नाय केलं. त्यांच्यात भंडारा उचलून कुणी खोटं बोलत नाही.

"सरकारची सजा सरंल," तो म्हणायचा. "देवाची कवा सरंल, ठाव नाय."

म्हणून तुरुंगात त्यानं आपणच नेम धरला होता. काही झालं तरी खोटं बोलायचं नाही.

मुदतीआधीच्या सुटकेसाठी अर्ज करायची वेळ आली. अर्ज मीच लिहिला, अगदी जीव ओतून. 'रागाच्या भरात हातून घडले' हे वाक्य वाचून त्यानं पेन खाली ठेवलं.

"राग आदल्या दिशी आला व्हता, गुरुजी. कुऱ्हाड दुसऱ्या दिशी उचलली."

"अरे, म्हातारी वाट बघतेय तुझी! एका वाक्यानं काय होतंय?"

"तिलाबी खोटंच सांगितलंय म्या."

वाक्य बदललं. अर्ज नामंजूर झाला. मी त्याच्यावर मनापासून चिडलो होतो.

त्यानंतर आई त्याला भेटायला आली. जाळीपलीकडून दोघं बराच वेळ बोलत होते. ती बाहेर आल्यावर मी तिच्यापासून तोंड चुकवत होतो, तर तीच थांबली.

"आज लेक माझ्यासंगं खरं बोलला," ती म्हणाली. "इतकी वर्सं म्या जावंशी भांडले, माझ्या पोरानं नाय केलं म्हनून. तिचा तर लेकच गेला. आता घरी न जाता तिच्याकडंच जाते."

पुढच्या वर्षी ती वारली. तो सुटला तेव्हा मी निवृत्त झालो होतो. तारीख मला माहीत होती. दाराशी त्याला न्यायला कुणीच नव्हतं, हे नंतर कळलं. त्या दिवशी मी आजारी होतो, असं मी सगळ्यांना सांगतो. आजारी नव्हतो. जिथं त्याच्या आईनं उभं राहायचं, तिथं उभं राहायचा मला धीर झाला नाही.