सुईचं हरवलेलं टोक

टीपमावशीला तिच्या खऱ्या नावानं हाक मारणारं माणूस आता गावात उरलं नव्हतं. सरळ टीप मारावी ती तिनंच, म्हणून टीपमावशी. चाळीस वर्षांपूर्वी ती त्या लांबलचक शेडमध्ये कामाला लागली तेव्हा तिथे तंबू आणि छत्र्या शिवल्या जायच्या, आणि छत्रीवाल्या बायकांना गावात कुणी हिंग लावूनही विचारत नसे. मग एक दिवस अंतराळ खात्याची माणसं आली. त्यांनी शिवणी ताणून बघितल्या, उलटसुलट करून बघितल्या, आणि छत्र्या गेल्या नि पॅराशूट आली. अंतराळातून परतणाऱ्या माणसांचं यान शेवटच्या काही मिनिटांत ज्या कापडाला लटकून खाली उतरतं, ते कापड आता या बायका शिवणार होत्या.

तेव्हापासून गावाचे पाय जमिनीवर राहिले नाहीत. न्हाव्यानं काचेवर रॉकेट रंगवून घेतलं, ते दिसायला गाजरासारखं होतं, पण त्याला तसं सांगायची कुणाची छाती नव्हती. शाळेतली सगळीच्या सगळी पोरं निबंधात अंतराळवीर होऊ लागली. ज्या सासवांना छत्रीवाली सून नको होती, त्याच आता 'आमची सून पॅराशूटला आहे' असं चारचौघांत ऐकवू लागल्या. टीपमावशीचा धाकटा दीर घड्याळं दुरुस्त करायचा. वहिनीच्या शिवणकामाशी त्याच्या घड्याळांचा काडीचा संबंध नव्हता, तरी ऐट सगळी त्याची. देशाची तीन माणसं पहिल्यांदाच चंद्राला फेरी मारून येणार होती, आणि ती उतरतील त्या दिवशी चौकात मोठा पडदा लावायचं त्यानं सहा महिने आधीच ठरवून टाकलं होतं.

शेडमधले नियम कडक होते, आणि सगळ्यात कडक नियम सुईचा. मशीनवर सुई मोडली की काम तिथंच थांबायचं. सगळे तुकडे शोधायचे, एका कार्डावर चिकटपट्टीनं लावायचे, तुकडे जुळून अख्खी सुई होते का ते बघायचं, आणि खाली दोघींच्या सह्या. मगच नवी सुई. कारण घडी घातलेलं पॅराशूट यंत्रानं दाबून लाकडाच्या ओंडक्यासारखं टणक करतात, आणि वर आकाशात ते एका झटक्यात उघडतं. त्या झटक्यात सुईचा एखादा तुकडा कापडाच्या पट्टीत अडकलेला असेल तर पट्टी कापली जाणार.

टीपमावशीची सुई मोडली ती नेमकी ते तिघं अंतराळवीर शेड बघायला आले त्या दिवशी. फोटोवाले दारात पोचले होते. पाहुण्यांसमोर मशीन बंद दिसायला नको, म्हणून तिनं दोन तुकडे पटकन कार्डावर लावले. मागच्या मशीनवर तिची सून बसायची, तिनं न बघताच सही ठोकली. पाहुणे आले. तिघांतली एक बाई टीपमावशीजवळ थांबली. तिनं विचारलं, "यातली तुमची शिवण कुठली?" मावशीनं दाखवली. त्या बाईनं शिवणीवर तळहात ठेवला, आणि थोडा वेळ तसाच राहू दिला.

अकरा दिवसांनी दुसऱ्या एकीची सुई मोडली. तिचं कार्ड कार्डांच्या खोक्यात ठेवताना मावशीच्या हाती स्वतःचं जुनं कार्ड आलं. तिनं ते उजेडात धरलं. खालच्या तुकड्याला टोकच नव्हतं. तांदळाच्या दाण्याच्या निम्म्यानं सुई कमी होती. पॅराशूट एव्हाना दाबून, बांधून, डब्यात बंद झालं होतं.

घरी आल्यावर तिनं सुनेला सांगितलं. सून पोळपाट पुसत होती, तिचा हात थांबला.

"आई, झाकली मूठ सव्वा लाखाची. टोक केव्हाच झाडूबरोबर गेलं असेल. ते कार्ड आता कोण बघतंय?"

"मी बघितलं ना."

"त्यावर माझीपण सही आहे. तुमची चाळीस वर्षं झाली, माझी अजून चार नाही झाली."

मावशी म्हणाली, "अगं, तिनं हात ठेवला होता माझ्या शिवणीवर."

दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं कार्ड शेडच्या मुख्य बाईंच्या टेबलावर ठेवलं. बाई रागीट म्हणून प्रसिद्ध होत्या, पण त्या ओरडल्या नाहीत, आणि ते मावशीला ओरडण्याहून जड गेलं. पॅराशूटचा डबा उघडला गेला. कापड लांब टेबलांवर पसरलं गेलं. आठ दिवस बायका लोहचुंबक आणि दिवे घेऊन वीत वीत कापड बघत होत्या. काहीच सापडलं नाही. टोक सापडलं नाही म्हणजे ते कापडात नाहीच, असं कुणीच छातीठोकपणे म्हणू शकत नव्हतं. उड्डाण तीन महिने पुढे गेलं.

मग गावानं उचलली जीभ लावली टाळ्याला. एका सुईपायी देशाचं नाक कापलं, म्हातारपणी चष्मा बदलायला काय होत होतं, एक ना दोन. दिरानं पडदा परत केला आणि वहिनी दिसली की घड्याळात डोकं घालून बसू लागला. दोघींना मशीनवरून उठवलं, सुनेला दोऱ्याची टोकं कापायला बसवलं. घरात ती मावशीचं ताट वाढायची, पण 'आई' म्हणणं बंद झालं. मावशीला लोकांच्या बोलण्याचं एवढं वाटलं नाही. त्या ताटाचं वाटलं.

शेवटी बाईंनी ठरवलं की त्या दिवशी टेबलाजवळ जे जे होतं ते सगळं तपासायचं. डगले झाले, चपला झाल्या, मग हात. दवाखान्यात मावशीच्या डाव्या हाताचा एक्स-रे काढला आणि डॉक्टरांनी तो खिडकीशी धरला. तर्जनीच्या पेरात, घट्ट्याच्या खाली, एक बारीक पांढरी रेघ होती.

"हे बघा तुमचं टोक," डॉक्टर म्हणाले.

मावशीनं हात जोडले. तिला रडू आलं. तिघं सुखरूप, सून सुखरूप, एवढंच तिच्या मनात आलं. डॉक्टर मात्र तिच्या बोटाकडेच बघत होते.

"दुखलं नाही कधी?"

"नाही हो."

"साखरेचा त्रास किती वर्षं आहे?" बारा, असं तिनं सांगितल्यावर त्यांनी एक टाचणी घेतली. "डोळे मिटा. टोचलं की सांगा."

तिनं डोळे मिटले. वर पंखा करकरत होता. ती वाट बघत राहिली, शेवटी तिलाच अवघडल्यासारखं झालं.

"टोचा की डॉक्टर. मी काही घाबरत नाही."

"चार वेळा टोचून झालं, मावशी."

बातमी तिच्या आधी गावात पोचली. काखेत कळसा नि गावाला वळसा, असं म्हणत लोक हसले, आणि ज्यांनी नावं ठेवली होती त्यांनीच पाठ थोपटली. दीर पडद्यासाठी पुन्हा धावला. सुनेनं दारातच मिठी मारली आणि "आई, माझं चुकलं" म्हणून हमसून रडली. बाईंनी निरोप धाडला, उद्यापासून दोघी मशीनवर या.

मावशी गेली. मशीन पुसलं, दोरा ओवला, एक टीप मारली. टीप सरळच आली. मग सवयीप्रमाणे डोळे मिटून तिनं डाव्या हाताची बोटं शिवणीवरून फिरवली. चाळीस वर्षं ती अशीच तपासत आली होती. दोरा सैल पडला, कापड आत दुमडलं, हे डोळ्याला दिसण्याआधी बोटाला कळतं. आज बोटांखाली कापड होतं की नुसतं टेबल, तिला सांगता आलं नसतं. आणि हे आजचंच नव्हतं. कधीपासूनचं होतं, तेही तिला ठाऊक नव्हतं.

डॉक्टरांनी कागदावर 'टोक काढले' एवढंच लिहिलं होतं. बाकीचं शेडमध्ये तिच्याशिवाय कुणाला माहीत नव्हतं, आणि या वेळी गप्प बस म्हणणारंही कुणी नव्हतं. ती बराच वेळ मशीनवर हात ठेवून बसली. त्या खुर्चीवर तिचा फार जीव होता. नवरा गेला तेव्हाही ती पाचव्या दिवशी तिथंच येऊन बसली होती.

मग ती उठून बाईंच्या टेबलाशी गेली. "बाई, माझ्या बोटांना आता कळत नाही. गेल्या दोन वर्षांतल्या माझ्या सगळ्या शिवणी कुणाला तरी पुन्हा बघायला सांगा."

सुनेनं त्या बघितल्या, महिनाभर, बोटं फिरवून. एकही चुकलेली नव्हती. संध्याकाळी तिनं येऊन तसं सांगितलं, तेव्हा मावशीला आनंद झाला, आणि खुर्ची तरीही सुटली म्हणून त्याहून जास्त दुःख झालं. तिनं दोन्हींतलं काहीच लपवलं नाही.

ठरल्या दिवशी चौकातल्या पडद्यावर तीन नारिंगी पॅराशूट उघडली. गाव नाचलं. दिरानं वहिनीला हाताला धरून पुढच्या खुर्चीत बसवलं होतं, आणि तिनं यान पाण्याला टेकेपर्यंत पापणी हलवली नाही. तिघं बाहेर आले. मग ती घरी गेली.

आता ती घरातलंच काहीबाही शिवते, उसवलेली उशी, शर्टाचं बटण. दर दोन-चार टाक्यांनी थांबते आणि डाव्या हाताची बोटं खिडकीच्या उजेडात धरून एकेक करून बघते. टोचलं असेल तर रक्त दिसतं.