हद्दामची हाक

तूती बेटावर हस्बूच्या आवाजाला जेवढा मान होता तेवढा हस्बूला नव्हता. माणूस तसा बेताचाच. थोडी लिंबाची झाडं, एक अडेल गाढव आणि अंगात बाराही महिने तोच विटका झगा. पण बेटाला वेढणाऱ्या दोन्ही नाईल, निळी आणि पांढरी, फुगल्या की तो बेटाच्या टोकावरच्या पहाऱ्याच्या झोपडीत जाऊन बसे. काठ खचायला लागला की तिथून ओरडे, "हद्दाम! हद्दाम!" पाण्यानं आतून पोखरून काठ गिळायचा, त्याला तूतीवर हद्दाम म्हणतात.

ही हाक कानावर पडली की इथला माणूस विचार करत बसत नाही. ताटावरचा उठतो, नमाजाच्या चटईवरचा उठतो. वाटणीवरून वर्षानुवर्षं तोंड न पाहणारे भाऊ मातीच्या एकाच पोत्याला दोन बाजूंनी हात घालतात आणि मागून बायका किलकाऱ्या देत त्यांना हुरूप आणतात. मातीचं बेट दोन नद्यांच्या तोंडात एवढी वर्षं टिकलं ते काही फुकट नाही.

हस्बूची धाकटी बहीण बतूल. तिचा नवरा तिराब मासे विकायचा आणि उरलेल्या वेळात हस्बूची टर उडवायचा. "ह्याच्या बायकोनं लग्नाला होकार दिला तो पडद्याआडून आवाज ऐकून," असं तो चहाच्या टपरीवर चारचौघांत सांगायचा. "तोंड पाहिलं तेव्हा बिचारीला उशीर झाला होता." हस्बू रागावल्यासारखं करायचा आणि स्वतःच सगळ्यांत जास्त हसायचा.

मग युद्ध आलं. दोन सेनापती आपसात भांडले आणि पल्याडच्या राजधानीची, खार्तूमची, राखरांगोळी झाली. बेटावर यायला-जायला एकच पूल, त्याच्यावर बंदूकवाले येऊन बसले. औषध बंद, पीठ बंद, वीज तर पहिल्याच आठवड्यात गेली. ज्यांना पळता आलं ते पळाले. उरले ते म्हातारे, हट्टी आणि कफल्लक. बंदूकवाल्यांचा म्होरक्या लांब पश्चिमेच्या कोरड्या मुलखातला होता, विशीतला, जेमतेम दाढी फुटलेला. सगळे त्याला कमांडर म्हणत. त्याच्या गावची नदी वर्षातले चार दिवस वाहायची आणि बाकीचे दिवस त्यातून उंट चालायचे.

एके दिवशी बशीर भटारी टपरीवर हळहळत होता, "काल हद्दाम आला, माझी मागची भिंत घेऊन गेला." एका बंदूकवाल्यानं ते ऐकलं. दुसऱ्या दिवशी घरोघर झडती सुरू झाली. खाटा उलट्या केल्या, धान्याची मडकी फोडली. शेवटी कमांडर टपरीपुढे येऊन उभा राहिला.

"हद्दाम कोण? कुठं लपवलाय त्याला?"

आता इथं गप्प बसायचं होतं. पण जिभेला हाड नसलेला तिराब बोललाच, "साहेब, तो पाण्यात राहतो. आमच्या पणज्यालासुद्धा सापडला नाही. तुम्ही धरलात तर सगळं बेट तुमच्या हाताचे मुके घेईल!"

लोक हसले. कित्येक दिवसांनी हसले, म्हणून जरा जास्तच हसले. कमांडरला हद्दाम कळला नाही, पण आपल्याला हसतायत हे बरोबर कळलं. बशीर हात जोडून समजावायला पुढं झाला, "बाळा, अरे तो माणूस नाही..." त्याला त्यांनी बंदुकीच्या दस्त्यानं इतकं मारलं की आठवडाभरात तो गेला. आणि हुकूम निघाला, हे नाव जो घेईल त्याला गोळी. तिराबनं त्यानंतर कुणाची थट्टा केली नाही. बतूल सांगते, तो घरातसुद्धा हळू आवाजात बोलायला लागला होता.

ऑगस्ट सरत आला आणि पाणी चढलं. झोपडीत बसून हस्बूनं आयुष्यात पहिल्यांदा नुसतं पाहत राहायचं काम केलं. काठ खचत होता आणि त्याला ओरडता येत नव्हतं. हाक दिली तर सगळे धावत बंदुकांच्या तोंडी येणार, एकही जण थांबून विचार करणार नाही, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. न दिली तर बेट जाणार. शेवटी तिराबला घेऊन तो पुलावर गेला आणि कमांडरला म्हणाला, "बेटा, एकदा माझ्याबरोबर चल. डोळ्यांनी बघ."

कमांडर आला. काठावर उभा राहून त्यानं बुटाची टाच आपटली आणि समोरचा खाटेएवढा तुकडा आवाज न करता पाण्यात गेला. तो झटकन मागे सरला. 

"हा तुमचा हद्दाम?"

"हाच."

बशीरचं नाव त्यानं काढलं नाही. ह्या दोघांनीही काढलं नाही. काढून उपयोग काय होता? कमांडर म्हणाला, "काम करा. पण तोंडातून आवाज नको. पलीकडच्या काठावर आमचे दुश्मन आहेत. इथनं हाक गेली म्हणजे मी ती खूणच समजणार. माझा माणूस उभा असेल, जो ओरडेल त्याला तो तिथंच आडवा करेल."

हस्बू दारोदार फिरून कुजबुजला आणि होते नव्हते ते लोक आले. भरदुपारी मुक्यानं काम सुरू झालं. फावड्यांचा आवाज आणि धापा, बाकी काही नाही. बायका पोती शिवत होत्या, पण एकीनंही किलकारी दिली नाही. मयताला जमावं तसे सगळे राबत होते. बंदूकवाला टेकाडावर उभा होता. हस्बू वर काठावर, नजर मातीवर. तिराब खाली पाण्यालगत, पाठ काठाकडे, पोत्यावर पोतं रचत होता.

तडा हस्बूलाच आधी दिसला. तिराबच्या डोक्यावरच्या काठात, केसाएवढा, मग बोटाएवढा. हाक गळ्यापर्यंत आली. आणि हस्बूनं आधी मान वळवून टेकाडाकडे पाहिलं. तेवढाच काय तो उशीर. परत वळला तेव्हा तिथं काठ नव्हता, पोती नव्हती आणि तिराबही नव्हता.

प्रेत मिळालं नाही. घरापुढं सुतकाच्या चटया अंथरल्या, लोक येऊन तळवे वर करून फातिहा म्हणून जाऊ लागले. जो तो म्हणे, "बंदूकवाल्यांनी मारला." हस्बू मान हलवी. खोटंही नव्हतं ते. संध्याकाळी गर्दी सरल्यावर पांढऱ्या वस्त्रातली बतूल त्याच्यापुढं येऊन बसली.

"भावा, तडा दिसला होता?"

खोटं बोलता आलं असतं. कुणी साक्षीला नव्हतं.

"दिसला होता."

"मग?"

"मी बंदुकीकडं बघितलं."

बतूल चटईची काडी उचकटत म्हणाली, "मी त्याला सकाळीच म्हटलं होतं, काठाकडं पाठ करू नकोस. तर मला म्हणतो, वर हस्बू आहे, मला मागं डोळे कशाला?"

हस्बूला त्या क्षणी मरण आलं असतं तर बरं झालं असतं. पण मरण असं सोयीनं येत नाही.

दोन दिवसांनी पाणी मशिदीजवळच्या वळणावर चढलं. हस्बूला पहाऱ्यावर पाठवू नये असं दोघातिघांनी सुचवलं. त्याच्या दुःखापोटी म्हणाले की भरवसा उडाला म्हणून, कोण जाणे. बतूलच म्हणाली, "तोच जाईल. त्याच्याएवढं कुणाला दिसतंय?" आणि पुरुष कमी पडले म्हणून पदर खोचून ती स्वतः आणखी बायकांबरोबर खाली पोती रचायला उतरली. काठाकडं पाठ करूनच उभी राहिली.

तडा गेला. ह्या खेपेला हस्बूनं मान वळवली नाही.

"हद्दाम! हद्दाम!"

ती हाक म्हणे पल्याडच्या ओम्दुर्मान शहरापर्यंत ऐकू गेली. बायका हातातलं टाकून उड्या मारत वर आल्या, बतूल सगळ्यांत शेवटी. काठ बसला तेव्हा त्याच्याखाली एकही माणूस नव्हतं. टेकाडावरून गोळी सुटली तेव्हा हस्बू अजून ओरडतच होता, आणि घराघरांतून लोक धावत बाहेर पडत होते.

बतूलनं दुसऱ्या एका बाईच्या मदतीनं भावाला ओढून लिंबाच्या सावलीत निजवलं, डोळे मिटले, तोंडावर पदर टाकला. पाणी आत शिरायला लागलं होतं. ती परत पोत्यांकडे गेली. भगदाड बुजेपर्यंत ती रडली नाही.