वृषभावतीच्या काठावरची आई

कृष्णाजीला आई आठवत नव्हती. तो दीड वर्षाचा असताना ती गेली. फोटोही नव्हता. म्हणून बासष्ट साली, बंगळूरात राजाजीनगरच्या ज्या थिएटरात तो मशीन चालवायचा, तिथल्या अडगळीत एक मूक रीळ सापडलं, तेव्हा त्याचा जीव वरखाली झाला. मालकाच्या वडिलांनी सव्वीस साली वृषभावतीच्या काठावर ते काढलं होतं. आई तिथंच धुणं धुवायची.

थोरल्या बहिणीला, विठाबाईला, बोलावून त्यानं रीळ लावलं. पण मोटरच्या मशीनवर मूक चित्र दीडपट वेगानं पळतं. म्हशी धावल्या, बायका टपाटप कपडे आपटू लागल्या. एक बाई उड्या मारत काठावर आली, तसा झाडूवाला रघुजी खो खो हसला.

विठाबाई ताडकन उठून केबिनकडं ओरडली. "आई रे ती! डावा पाय ओढायची. नाचवलंस की तिला, मेल्या!"

कृष्णाजीनं केबिनमधून वाकून पाहिलं, तोवर बाई गेली होती. फिल्मच्या कडेची भोकंही फाटली होती. आणखी एकदाच चालली असती. फिल्म उजेडात धरली तर भिंगातूनही चेहरा मोहरीएवढा दिसे. हलल्याशिवाय तो माणसाचा वाटेना.

अडगळीत हातानं फिरवायचं जुनं मशीनही होतं. सेकंदाला दोन फेरे दिले की आई आपल्या चालीनं चालली असती. पण हात थांबला तर दिव्यापुढं फिल्म पेटणार, आणि फाटकी भोकं बोटानं सांभाळायची म्हणजे नजर मशीनवरच. हे दुसऱ्या कुणाला जमण्यासारखं नव्हतं.

"मग तू कसा बघणार?"

"तू बघ, अक्का. मला सांग."

रविवारी दुपारी त्यानं दांडा फिरवायला घेतला.

"म्हशी... काठ... आली! स्वल्प हळू की रे."

"हळू केलं तर जळेल. पुढं?"

"पाय ओढत येतीय. तश्शीच. अगं बाई, कडेवर तू आहेस! पदर चावतोयस, खादाडा."

फाटलेलं भोक बोटाखाली आलं. कृष्णाजीनं मान वर केली नाही.

"तोंड, अक्का? तोंड सांग."

रीळ संपून शेपूट फटफटलं. मशीनमधून बाहेर पडताच फिल्म तुटत गेली होती; खालच्या टोपलीत तुकड्यांचा ढीग पडला होता.

"इकडं वळली होती रे," ती पदरानं डोळे पुसत म्हणाली. "तेवढ्यात माझेच डोळे भरले. काही दिसलंच नाही बघ."

त्यानं दिवा विझवला.

"कडेवर मीच होतो ना?"

"तूच."

तो खाली बसून तुकडे डब्यात भरू लागला.